कोंबडं झाकलं तरी शरीराला वेळ कळतेच, मग रील बघताना दोन तास जातात कुठे?

समजा, उद्या सकाळी तुम्ही उठलात आणि जाणारा वेळ तुम्हाला चक्क अंगावर जाणवायला लागला. उन्हाचा चटका बसतो, पाण्याचा गारवा लागतो, अगदी तसा. दहा मिनिटं गेली की तळहाताला मुंग्या, तास गेला की मानेवर एक टिचकी. घड्याळ बघायची गरजच नाही.

अशा जगात काय होईल? "दोन मिनिटांत पोहोचतो" असं सांगून अर्धा तास लावणाऱ्यांची मोठी पंचाईत होईल. आणि रात्री अंथरुणात पडल्या पडल्या "एकच रील बघतो" म्हणून मोबाईल उघडणाऱ्याला मानेवर दोन टिचक्या बसल्या की फोन खाली ठेवावाच लागेल.

वाचायला हे गोष्टीतलं जग वाटतं. पण खरं सांगायचं तर आपण बऱ्याच अंशी त्याच जगात राहतो. शरीराला वेळ कळते. फक्त ते सगळ्याच गोष्टी आपल्याला सांगत नाही. आणि ज्या सांगतं, त्या आपण ऐकत नाही. न ऐकण्याची किंमत कोण मोजतं, हे बघायला नागपूर हे चांगलं ठिकाण आहे. पण त्याआधी एका कोंबड्याची गोष्ट बघू.

आपल्या म्हणीतला कोंबडा

"कोंबडं झाकलं म्हणून उजाडायचं राहत नाही." ही म्हण लहानपणापासून ऐकलेली असते. अर्थ सोपा आहे. कोंबडा आरवला नाही तरी सूर्य उगवणारच.

आता यात एक गंमत आहे. कोंबडं झाकलं, उजेडाचा पत्ताच लागू दिला नाही, तर ते आरवणार नाही असं आपण गृहीत धरतो. जपानमधल्या नागोया विद्यापीठाच्या संशोधकांनी हे तपासून बघितलं. त्यांनी कोंबड्यांना दिवस-रात्र एकसारख्या मंद उजेडात ठेवलं. बाहेर सकाळ झाली की रात्र, हे कळायला काहीच मार्ग नव्हता. तरीही कोंबडे साधारण दिवसाच्या अंतराने आरवत राहिले. २०१३ मध्ये हे संशोधन प्रसिद्ध झालं. कोंबडा उजेड बघून आरवतो हे अर्धंच खरं आहे. मुळात त्याला पहाट आतून कळते.

झाडांचंही असंच. चिंचेची पानं संध्याकाळी मिटतात, हे गावाकडे सगळ्यांना माहीत असतं. अंधार पडला म्हणून मिटतात, असं वाटतं. १७२९ मध्ये दे मेराँ या फ्रेंच अभ्यासकाने लाजाळूच्या जातीचं एक झाड अंधारात नेऊन ठेवलं. ऊन अजिबात नाही. तरी पानं दिवसा उघडत राहिली आणि रात्री मिटत राहिली.

झाडाला मेंदू नाही, डोळे नाहीत. तरी त्याच्याकडे घड्याळ आहे. मग माणसाकडे का नसेल?

हे घड्याळ असतं कुठे?

डोळ्यांच्या मागे, मेंदूच्या तळाशी, जिथे दोन्ही डोळ्यांकडून येणाऱ्या नसा एकमेकींना ओलांडतात, त्याच्या अगदी वर पेशींचा एक छोटासा पुंजका असतो. सुमारे २० हजार पेशींचा. त्याचं नाव सुप्राकायझमॅटिक न्यूक्लिअस. नाव विसरलात तरी चालेल, काम लक्षात ठेवा. शरीराचं मुख्य घड्याळ हेच. यकृत, हृदय, आतडी, स्नायू या सगळ्यांत आपापली छोटी घड्याळं असतात आणि हा पुंजका त्या सगळ्यांना एका वेळेवर ठेवतो.

हे चालतं कसं? गच्चीवरची पाण्याची टाकी डोळ्यांसमोर आणा. टाकी भरत आली की आतला फुगा वर येतो आणि पाणी बंद होतं. पाणी वापरलं गेलं की फुगा खाली जातो आणि पाणी पुन्हा सुरू होतं. पेशीत पाण्याच्या जागी काही प्रथिनं असतात. ती तयार होत होत साठतात. पुरेशी साठली की स्वतःचंच उत्पादन बंद करतात. मग हळूहळू मोडतात आणि सगळं पुन्हा पहिल्यापासून सुरू. या एका फेरीला लागणारा वेळ साधारण एक दिवस.

याचा पहिला धागा १९७१ मध्ये फळांवर घोंघावणाऱ्या चिलटांत सापडला. अमेरिकेतल्या रोनाल्ड कोनोप्का आणि सेमूर बेंझर यांना तीन प्रकारची बिघडलेली चिलटं मिळाली. एकाचा दिवस १९ तासांचा, दुसऱ्याचा २८ तासांचा आणि तिसऱ्याला दिवस-रात्रीचा ठेकाच नाही. तिघांचाही बिघाड एकाच जनुकात होता. त्या जनुकाचं काम पुढे उलगडणारे जेफ्री हॉल, मायकेल रॉसबॅश आणि मायकेल यंग यांना २०१७ चं नोबेल पारितोषिक मिळालं.

माणसाचं घड्याळ मात्र बरोबर २४ तासांचं नाही. सरासरी ते २४ तासांपेक्षा दहा-बारा मिनिटं मोठं असतं. म्हणजे त्याला त्याच्यावर सोडलं तर ते रोज थोडं मागे पडत जाईल. ते रोज जुळवून घेण्याचं काम सकाळचा उजेड करतो. डोळ्याच्या पडद्यात काही खास पेशी असतात. त्यांचं मुख्य काम चित्र बघणं नाही, तर उजेड किती आहे हे घड्याळाला कळवणं. निळसर उजेडाला त्या जास्त दाद देतात. सकाळचं आकाश निळसर असतं. आणि मोबाईलच्या स्क्रीनच्या उजेडातही निळा भाग भरपूर असतो. पुढचं तुमच्या लक्षात आलंच असेल.

गुहेत दोन महिने

१६ जुलै १९६२ रोजी मिशेल सिफ्र हा २३ वर्षांचा फ्रेंच तरुण आल्प्समधल्या एका गुहेत उतरला. घड्याळ नाही, कॅलेंडर नाही, ऊन नाही. वरच्या लोकांशी बोलायला फक्त एक टेलिफोन. झोपताना, उठताना, जेवताना तो फोन करायचा. किती वाजले हे त्याला सांगायचं नाही, असं ठरलेलं होतं.

१४ सप्टेंबरला त्याला बाहेर काढलं, तेव्हा त्याच्या हिशेबाने २० ऑगस्ट होती. पंचवीस दिवस त्याच्या मनातून गळून गेले होते. एकदा त्याने फोनवर १ ते १२० आकडे मोजले. सेकंदाला एक, म्हणजे दोन मिनिटं. प्रत्यक्षात लागली पाच मिनिटं.

पण वरच्या लोकांनी त्याच्या फोनच्या वेळा मांडून बघितल्या, तर त्याचं झोपणं-उठणं साडेचोवीस तासांच्या आसपास फिरत होतं. डोक्यातला हिशेब पार चुकला, पण शरीराने दिवस सोडला नाही.

भारतातही याची तपासणी झाली. मदुराई कामराज विद्यापीठात प्राध्यापक एम. के. चंद्रशेखरन यांनी गुहेतल्या वटवाघळांचा अभ्यास केला आणि माणसांसाठीही बाहेरच्या जगापासून तुटलेली खास बंद जागा तयार केली. स्वखुशीने आलेली माणसं तिथे घड्याळाशिवाय राहायची.

या सगळ्यातून कळणारी गोष्ट अशी, की आपल्याकडे वेळेचे दोन वेगळे हिशेब आहेत. एक दिवसाचा, जो पेशी ठेवतात. तो पक्का आहे. दुसरा मिनिटांचा आणि तासांचा, जो मन ठेवतं. तो अगदीच कच्चा आहे.

आता रीलचं उत्तर

दिवसाच्या घड्याळासारखी एकच जागा मिनिटांच्या हिशेबासाठी मेंदूत सापडलेली नाही. मेंदूचे बरेच भाग मिळून तो अंदाज बांधतात. आणि हा अंदाज मुख्यतः एका गोष्टीवर ठरतो. ती म्हणजे लक्ष.

बँकेच्या रांगेत उभे असताना आपलं लक्ष वेळेकडेच असतं. म्हणून दहा मिनिटं तासासारखी वाटतात. रील बघताना दर काही सेकंदांनी नवं चित्र, नवा आवाज, नवा चेहरा. वेळेकडे लक्ष द्यायला मनाला सवडच मिळत नाही. मन मोजत नाही म्हणून दोन तास वीस मिनिटांसारखे वाटतात. त्यात रीलला शेवट नाही. सिनेमाला मध्यंतर असतं, मालिकेचा भाग संपतो, पेपर वाचून होतो. तिथे थांबून आपण घड्याळ बघतो. रीलमध्ये ते थांबणंच काढून टाकलेलं आहे.

नंतर मागे वळून बघताना दुसरीच मोजपट्टी लागते, ती आठवणींची. ताडोब्याला जाऊन काढलेले दोन दिवस आठवड्यासारखे वाटतात, कारण त्यात नव्या आठवणी खूप असतात. आणि रीलमध्ये गेलेल्या दोन तासांतलं सकाळी काय आठवतं? म्हणजे तो वेळ जातानाही छोटा वाटतो आणि गेल्यावरही छोटाच.

तापात मात्र याच्या उलट होतं. १९३० च्या दशकात हडसन होगलंड या अमेरिकन शास्त्रज्ञाची बायको तापाने फणफणली होती. तो वीस मिनिटं औषध आणायला गेला, तर ती म्हणाली, किती वेळ लावलात! त्याने तिला मनात साठ सेकंद मोजायला सांगितले. तिचे साठ आकडे मिनिट व्हायच्या आतच संपले. ताप जितका जास्त, तितकं मोजणं भरभर. आजाऱ्याची रात्र सरता सरत नाही, ही तक्रार म्हणजे केवळ चिडचिड नाही.

मग मे महिन्यातल्या नागपूरच्या दुपारी वेळ जात नाही, त्याचंही कारण हेच का? नाही. बाहेर ४५ अंश असले तरी घाम काढून शरीर आतलं तापमान सांभाळतं. त्या दुपारी वेळ जात नाही, कारण रस्ते ओस पडलेले असतात, कूलरसमोर बसण्याशिवाय काम नसतं आणि लक्ष घड्याळाकडे असतं.

नागपूरचे बारा कधी वाजतात?

शरीराचं घड्याळ उन्हावर जुळतं, हे आपण पाहिलं. पण आपण जगतो भिंतीवरच्या घड्याळावर. ही दोन्ही एक नाहीत.

भारताची प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशावरची. नागपूर ७९.१ अंशांच्या आसपास. एका अंशाला चार मिनिटं या हिशेबाने नागपूरचा सूर्य घड्याळाच्या सरासरी १३-१४ मिनिटं मागे चालतो. मुंबईत हाच फरक ३८-३९ मिनिटांचा होतो. नागपुरात २६ मेच्या सुमारास सूर्य बरोबर डोक्यावर येतो आणि उभ्या वस्तूची सावली पायाखाली गडप होते. ते बघायला बाराच्या ठोक्याला गेलात तर थोडी सावली उरलेली दिसेल. शून्य सावली होते १२ वाजून १० मिनिटांच्या आसपास.

हा फरक छोटा आहे, शरीर तो सहज पचवतं. पूर्वी तर प्रत्येक गावाची वेळ आपापल्या सूर्यावर चालायची. दिवसाच्या ६० घटका, घटका २४ मिनिटांची. पाण्यात तरंगणारं भोक पाडलेलं घटिकापात्र भरून बुडलं की एक घटका झाली. 'घटका भरली' हा शब्दप्रयोग तिथलाच.

मग रेल्वे आली, गिरण्या आल्या. १ जानेवारी १८७७ रोजी जमशेटजी टाटांची एम्प्रेस मिल नागपुरात सुरू झाली. सूर्य कुठे आहे याच्याशी गिरणीला देणंघेणं नसतं. भोंगा झाला की कामावर. १ जानेवारी १९०६ पासून देशासाठी एक प्रमाणवेळ आली. मुंबईने मात्र त्यानंतर कित्येक वर्षं स्वतःची वेळ सोडली नाही.

नागपूर देशाच्या मध्यावर आहे, याचा एक वेगळाच परिणाम झाला. १९४९ मध्ये रात्रीची हवाई टपाल सेवा सुरू झाली. दिल्ली, मुंबई, कलकत्ता आणि मद्रास इथून निघालेली विमानं मध्यरात्रीच्या सुमारास नागपूरला एकत्र यायची. टपालाच्या थैल्या आणि प्रवासी अदलाबदल करून पहाटेपर्यंत परत आपापल्या शहरात. दिल्लीत टाकलेलं पत्र दुसऱ्या दिवशी मद्रासला मिळायचं. पण त्यासाठी नागपुरात कुणीतरी रात्रभर जागं असायचं.

ते कुणीतरी आजही जागं आहे. कोराडी आणि खापरखेड्याची वीज केंद्रं रात्री बंद ठेवता येत नाहीत. आजूबाजूच्या कोळसा खाणी पाळ्यांत चालतात. मेडिकल आणि मेयोमध्ये निवासी डॉक्टर आणि नर्स असतात. मिहानमध्ये परदेशी ग्राहकांच्या वेळेवर चालणारी कामं आहेत. नागपूर ते मुंबई ७०१ किलोमीटरच्या समृद्धी महामार्गावर रात्रभर गाड्या धावतात.

पहाटे चार वाजता काय होतं?

रात्री झोपणाऱ्या माणसाच्या शरीराचं तापमान पहाटे चार-पाचच्या सुमारास सगळ्यात खाली जातं. झोप आणणारं मेलाटोनिन रक्तात भरपूर असतं. डोळे उघडे असले तरी शरीराच्या हिशेबाने ही गाढ रात्र असते. झोपेमुळे होणारे रस्ते अपघात पहाटे दोन ते सहा या वेळात वाढतात, ते यामुळेच. सरळ रस्ता, एकसारखा वेग आणि गार हवा मिळाली की काही सेकंदांची डुलकी पुरते. चहा प्यायल्याने किंवा काच खाली केल्याने थोडा वेळ तरतरी येते, पण घड्याळ फिरत नाही. त्यावर एकच उपाय, गाडी सुरक्षित जागी थांबवून वीस मिनिटं झोपणं.

रात्रपाळीवाल्याची अडचण सकाळी आणखी वाढते. घरी जाताना डोळ्यांवर ऊन पडतं आणि आतलं घड्याळ म्हणतं, दिवस उगवला. मग अंथरुणात पडलं तरी झोप चार-पाच तासांत मोडते. शरीर नव्या वेळेला दिवसाला जेमतेम तासाभराने जुळतं. दर आठवड्याला पाळी बदलत असेल, तर ते कधीच पूर्ण जुळत नाही. यकृत आणि आतड्यांची घड्याळं एकीकडे, मेंदूचं दुसरीकडे. रात्री दोनला खाल्लेल्या जेवणातली साखर शरीराला दिवसाइतकी नीट हाताळता येत नाही.

वर्षानुवर्षं असं चाललं तर मधुमेह आणि हृदयविकाराचा धोका वाढतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २००७ मध्ये आणि पुन्हा २०१९ मध्ये रात्रपाळीला 'बहुधा कर्करोगकारक' या गटात टाकलं आहे. याचा अर्थ रात्रपाळी करणाऱ्या प्रत्येकाला कर्करोग होतो, असा नाही. पुरावा किती भक्कम आहे, हे सांगणारी ती वर्गवारी आहे. पण ती दुर्लक्ष करण्यासारखी नक्कीच नाही.

मग करायचं काय?

रात्रपाळी बंद करा, असं सांगून उपयोग नाही. दिवे लागायला हवेत, हॉस्पिटल उघडं हवं. पण काही गोष्टी हातात आहेत.

पाळ्या बदलायच्याच असतील तर सकाळ, मग दुपार, मग रात्र या क्रमाने बदलाव्यात. आपलं घड्याळ २४ तासांपेक्षा थोडं मोठं असल्यामुळे त्याला पुढे सरकणं सोपं जातं, मागे येणं अवघड. रात्रपाळीहून परतताना गडद गॉगल लावावा. मुख्य जेवण पाळीवर जायच्या आधी करावं, मध्यरात्री हलकं खावं. दिवसा झोपायच्या खोलीला जाड पडदे लावावेत, फोन दुसऱ्या खोलीत ठेवावा.

रात्रपाळी नसलेल्यांसाठी नियम याहून सोपे. सकाळी थोडा वेळ बाहेरच्या उजेडात जा. तर्री पोहे खायला चालत गेलात तरी चालेल. झोपण्याआधी तासभर स्क्रीन बाजूला ठेवा. आणि रील बघायचेच असतील तर आधी गजर लावा. मनाला वेळ मोजता येत नाही, हे आता माहीत आहे. मग मोजायचं काम त्याच्यावर सोडू नका.

पण सगळ्यात मोठी गोष्ट घरच्यांच्या हातात आहे. मे महिन्यात नागपुरात दुपारी झोपणं म्हणजे काय, हे तिथे राहणाऱ्यालाच कळतं. खोली तापलेली, कूलरचा घरघराट, मध्येच वीज गेली की घामाच्या धारा. त्यात बेल वाजते, कुकरची शिट्टी होते, टीव्ही सुरू असतो. आणि कुणीतरी म्हणतंच, "दिवसभर काय लोळतोस? ऊठ, जरा बाजारात जाऊन ये." बाई असेल तर तेवढंही बोलावं लागत नाही. नाईट ड्युटी करून आलेली नर्स अनेकदा थेट स्वयंपाकघरात शिरते.

रात्री अकराला कुणी आपल्याला उठवून बाजारात पाठवलं तर आपण काय म्हणू? त्या माणसासाठी सकाळचे अकरा म्हणजे तेच आहे. फरक इतकाच की त्याचं शरीर त्या वेळी त्याला झोपूही देत नाही.

शरीराला वेळ कळते, हे बदलता येणार नाही. निदान कळणाऱ्या त्या वेळेची थोडी बूज राखता येईल. घरात कुणी रात्रपाळीहून आलं असेल तर पडदा ओढा, टीव्हीचा आवाज कमी करा, बेल बंद करा. त्यांच्या आतलं कोंबडं आरवायचं थांबणार नाही, पण बाहेरचा गलबला तरी थांबेल.